सरचा उसना आवाज

आमच्या कन्हानच्या फुटबॉल सरचा आवाज मी काढतो, हे सर सोडून साऱ्यायले माहीत होतं. मंग सरलेही माहीत झालं.

प्रॅक्टिस सुटली होती अन् मी गोलपोस्टच्या मागं पोट्ट्यायले हसवून राहिलो होतो. "अबे, बॉल काय सासऱ्यानं देल्ला तुले? सोड, पास दे." हसता हसता पोट्टे एकदम गप झाले. मी मागं पाह्यलं तं सर उभे. मले वाटलं, आता अंधार पडेपर्यंत चक्कर मारा लागते ग्राउंडचे.

सर म्हणे, "आवाज बरोबर हाये. पण मी जोर 'सोड'वर देतो, 'पास'वर नाई."

एवढं बोलून गेले. दुसऱ्या दिवशी मी 'सोड'वर जोर देल्ला. खरंच जमलं.

मी टीममधे बदली गोलकीपर होतो. म्हणजे बेंचवर बसाचं, पाणी प्याचं अन् अस्सल गोलकीपरची तब्येत कशी हाये ते आशेनं पाहाचं. त्याची तब्येत कधीच बिघडली नाई. म्हणून माह्यापाशी सरले आयकाले भरपूर टाइम होता. आमच्या ग्राउंडची एक बाजू म्हणजे रस्ताच. मधात ना भिंत, ना तार. कोळशाचे ट्रक जाऊन राहिले असले तरी सरचा आवाज पलीकडच्या कॉर्नरपर्यंत पोचे. प्रॅक्टिसमधे सर शिट्टीही वाजवत. एक लांब शिट्टी म्हणजे सारे मागं, दोन लहान म्हणजे चढा पुढं. पण मॅचमधे शिट्टी फक्त रेफ्रीची. तिथं कोचजवळ गळाच काय तो.

अन् सरचा गळाच गेला. गळ्यात गाठ होती, ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, पण आवाजाची नस दुखावली. डॉक्टर म्हणे, आवाज येईनही, नाईही येणार. तोवर जे उरलं होतं ते सायकलच्या ट्यूबमधून हवा सुटावी तसं. कानाजवळ जाल तं समजे.

शिट्टीवर प्रॅक्टिस चालू राह्यली. पण टुर्नामेंट आली तशी क्लबची मीटिंग बसली. अध्यक्षाचं सिमेंटचं दुकान. माणूस वाईट नाई, पण बोलणं पोतं टाकल्यावानी.

"सर, राग नोका मानू. पण कोचलेच बोलता येत नाई तं पोट्टे आयकतीन कोणाचं?"

सर काहीतरी बोलले. कोणालेच आयकू आलं नाई. मी बाजूले उभा होतो, मले आलं. अन् मी विचार न करता सरच्याच आवाजात सांगून टाकलं, "माहे पोट्टे माहंच आयकतीन."

सारे हसले. अध्यक्षही हसले. म्हणे, "चला, ही टुर्नामेंट पाहू. मंग ठरवू सरचं."

सर तेवढे हसले नाई. मले पाहून राहिले होते.

दुसऱ्या दिवशी त्यायनं मले घरी बोलावलं. रिहर्सल. सर कानात हवा सोडणार, मी ती जोरात काढणार. पहिलंच वाक्य मी काढलं, "अबे, मांगं ये, मांगं ये." किचनमधून काकू ओल्या हातानंच धावत आल्या.

"काय जी, काय पाह्यजे?"

मंग त्यायनं मले पाह्यलं. सरले पाह्यलं. पदराले हात पुसले, म्हणे "चहा ठेवतो," अन् आत गेल्या. चहा बराच वेळ आला नाई. सरनं मले खुणावलं, हळू. त्या दिवशी आम्ही बाकीची रिहर्सल ग्राउंडवर केली.

पहिली मॅच मजेत गेली. सर माह्या खांद्यावर हात ठेवून उभे, तोंड माह्या कानाशी. "डावीकडं मोकळं हाये," हवा आली की मी गरजलो, "डावीकडं मोकळं हाये बे, डोळे घरी ठेवले काय?" दुसरं अर्ध माह्या पदरचं. सरनं चिमटा काढला. पण पोट्टा डावीकडं गेला, अन् गोल झाला. रेफ्रीनं इचारलं, "कोच कोण हाये तुमच्यात?" आम्ही दोघांयनं एकमेकाकडं बोट दाखवलं.

असं करत करत फायनलले पोचलो. जीपमधे सर कानात म्हणाले, "हे जमलं तं ठेवतीन मले." मी म्हटलं, "जमते सर, आवाज मस्त तापला हाये तुमचा." हसले.

समोरची टीम नागपूरची, अन् त्यायनं संदलवाले आणले होते. संदलचे ढोल म्हणजे छातीत वाजते. पहिल्या हाफपर्यंत बरोबरी होती, तोवर ढोलवाले चहाले गेले होते. दुसऱ्या हाफले वाजवाले लागले ते थांबेचनात. सर कानात बोलून राहिले, मले फक्त गरम हवा. मी त्यायच्या ओठाकडं पाहाले लागलो. काही समजे, काही नाई.

मंग आमचा उजवीकडचा बॅक पुढं चढून गेला. मांगं एवढी जागा, ट्रक उभा राहीन. सरले ते दिसलं. मले सोडून ते लाइनीवर धावले, अन् विसरले. विसरलेच की आवाज नाई. तोंड पूर्ण उघडलं, मानेच्या शिरा दोरीवानी तटतटल्या, हात वर. काहीच निघालं नाई. मी मांगं होतो, मले ओठही दिसून नाई राहिले होते.

पोट्टे माह्याकडं पाहून राहिले होते. आवाज माह्यापाशी होता ना. पण काय बोलाचं ते माह्यापाशी नव्हतं. मले सरचे सासरे पाठ होते, शिव्या पाठ होत्या, खोकलाही पाठ होता. त्या टायमाले कोणाले कुठं उभं करा लागते, ते मले काय माहीत. मीही तोंड उघडलं. लाइनीवर आम्ही दोघं तोंडं उघडी टाकून उभे, अन् समोरच्या टीमचा पोट्टा त्या मोकळ्या जागेतून बॉल घेऊन आरामात गेला.

एका गोलनं हरलो.

क्लबनं सरले काढलं नाई. सत्कार केला. शाल, श्रीफळ, हार. एखाद्याले जा म्हणाचं असलं तं आमच्याकडं त्याले खुर्चीवर बसवून शाल घालते, मंग त्याले भांडताही येत नाई. अध्यक्ष म्हणे, सरनं आता आराम करावा. टाळ्या झाल्या. अन् सूत्रसंचालन करणारे मास्तर सवयीनं बोलून गेले, "आता सत्कारमूर्ती दोन शब्द बोलतीन."

मास्तरचं तोंड पाहण्यासारखं झालं. सर उठले, माइकजवळ गेले. माइकमधून नुसता वारा आला. मंग साऱ्यायनं मले पाह्यलं. मी उठलो, सरजवळ गेलो, कान देल्ला.

"तूच बोल काही," सर म्हणाले. "पण माह्या आवाजात नोको."

मी माह्या आवाजात बोललो, धन्यवाद. लयच बारीक आवाज हाये माहा. मलेच तेव्हा समजलं.

आता सर नागपूरच्या प्रताप नगरमधे शाळेच्या पोरायची व्हॅन चालवते. साळ्यानं लावून देल्लं. व्हॅनले हॉर्न असते, गळा लागत नाई. आवाज आला नाई तो नाईच. मी नागपुरात कॉलेजले हाये, लग्ना-बारशात मिमिक्री करतो. साऱ्यायचे आवाज काढतो, एक सोडून.

मांगल्या रविवारी सर कन्हानले चालले होते, मलेही बसवून घेतलं. ग्राउंडजवळ आलो तं नवीन पोट्टे खेळून राहिले होते, नवा कोच मोबाइलवर. रस्त्याच्या बाजूचा बॅक पुढं चढून गेला होता. मांगं तेवढीच जागा. सरनं व्हॅन स्लो केली. एकदा माह्याकडं पाह्यलं. या टायमाले मले माहीत होतं काय बोलाचं ते. पण ते 'नोको' म्हणाले होते, अन् आताही हो म्हणून नाई राहिले होते. मी गप बसलो.

सरनं हॉर्न देल्ला. एक, लांब.

पोट्ट्यानं वळून पाह्यलं, व्हॅन दिसली. बिचारा लाइनीपासून आणखी आत सरकला, अन् हातानं खूण केली, जा काका, साइड हाये.

सरनं हात दाखवला अन् गाडी पुढं काढली.