मी पडून दाखवलं

चाळीस वर्षं मी पडण्याचा पगार घेतला. नाटकात पडले, सिनेमात पडले, जिन्यावरून पडले, बैलगाडीतून पडले. एकदा चिखलात सात टेक पडले, कारण दिग्दर्शकसाहेबांच्या मते चिखल पुरेसा उडत नव्हता. नायिका रडायची, नायक गायचा, आणि दोघांच्या मध्ये मोलकरीण दाणकन आपटायची. ती मोलकरीण मी. आणि अशा बाईला इथे परदेशात, एटोबिकोत, पोटची मुलगी म्हणते, "आई, तू पडतेस. तुला एकटं नाही राहता येणार."

असा संताप आला म्हणून सांगू!

झालं होतं एवढंच. दोन हजार दहाच्या आसपासचा तो हिवाळा. ग्रोसरीच्या दारात बर्फावरून पाय सटकला आणि मी उताणी. कमरेला मुका मार लागला, दुसरं काही नाही. पण सवय जाते थोडीच? उठून बसल्याबरोबर मी आधी स्कार्फ सारखा केला, स्टेजवर पडल्यावर पदर सारखा करायचे तसा, आणि इकडेतिकडे बघत इंग्रजीत विचारलं, "कोण पडलं हो?" दोन बायका खो खो हसल्या. लाफ्टर मिळाला, मला बरं वाटलं. शेजारीण मात्र तिथेच होती. तिने मुलीला फोन केला.

दुसऱ्या दिवशी मुलगी ब्रॅम्पटनच्या तिच्या घरून रिटायरमेंट होमचं माहितीपत्रक घेऊन हजर. तिथली खोलीसुद्धा बघून आली होती. नवरा गेल्यापासून सहाव्या मजल्यावरचं हे अपार्टमेंट म्हणजे माझं राज्य. माझा स्टोव्ह, माझी खिडकी, शुक्रवारी संध्याकाळी दिवा लावायची माझी जागा. "किल्ली माझ्याकडे दे," ती म्हणाली.

मी म्हटलं, "मी माझ्या बापाचं ऐकलं नाही, तुझं ऐकेन होय?"

ते काही खोटं नव्हतं. आम्ही कोकणातले बेने इस्रायली, म्हणजे ज्यू. आजोबांचा तेलाचा घाणा. शनिवार आमचा शब्बाथ, विश्रांतीचा पवित्र दिवस; घाणा बंद, चूल बंद, सगळं बंद. आणि मेले नाटकाचे प्रयोग नेमके शनिवारी! पहिल्या प्रयोगाला निघाले तेव्हा बाबा म्हणाले, "उंबरा ओलांडलास तर माझ्याशी बोलायचं नाही." मी ओलांडला. तीन वर्षं ते बोलले नाहीत. मग एकदा शेवटच्या रांगेत दिसले, रुमालात तोंड दाबून हसताना. आले तेही रविवारच्या प्रयोगाला.

खोलीचं पक्कं होण्याआधी आरोग्यखात्याची एक बाई माझी तपासणी करायला घरी आली. गोड होती, हातात फॉर्म होता. पहिलाच प्रश्न, "गेल्या सहा महिन्यांत किती वेळा पडलात?"

"पैसे घेऊन, की फुकट?" मी विचारलं.

"आई, प्लीज," मुलगी दातओठ खात म्हणाली.

मला चेवच चढला. उठले, टीपॉय बाजूला सारला, श्वास सोडला आणि कार्पेटवर धाडकन आडवी झाले. हनुवटी छातीला, हात सैल, अंग कणकेसारखं. उठून बसले, स्वेटर सारखा केला आणि विचारलं, "कोण पडलं हो?" बाई फॉर्म तोंडावर धरून हसत सुटली.

"डोन्ट लाफ!" मुलगी किंचाळली. "हसू नका! माझी आई आहे ती!"

हेच शब्द मी पूर्वी ऐकले होते. सहा वर्षांची असताना ती विंगेतून धावत स्टेजवर आली होती, भर लाफ्टरमध्ये, हेच ओरडत. थिएटर आणखीनच हसलं. मीही हसले, आणि पडदा पडल्यावर तिला फाडफाड बोलले, माझा लाफ्टर खाल्लास म्हणून. ती का रडतेय, हे मी विचारलंसुद्धा नव्हतं. लाज वाटली मला.

ती बाई जाताना म्हणाली, "या माझ्यापेक्षा बऱ्या उठतात. माझी हरकत नाही, घरच्यांनी ठरवा." म्हणजे सगळं मुलीवर आलं.

दार बंद झालं. मुलगी माहितीपत्रक चुरगाळत बसली होती. "मला कधीच कळायचं नाही, आई. खरं कुठलं ते."

मी तिच्याजवळ बसले. "खोटं पडताना मी आधी श्वास सोडते. हुं, असा. ऐकू येतो. खरं पडताना तेवढा वेळच मिळत नाही गं."

"आणि ग्रोसरीपाशी?"

थाप मारता आली असती. "खरी पडले," मी म्हटलं. "आणि उठले. पुन्हा पडले तरी उठेन. ज्या दिवशी उठता येणार नाही, त्या दिवशी तुझी ती खोली. तोवर मी माझ्या घरात पडेन, आणि मला हवी तशी पडेन."

तिने माहितीपत्रक कचऱ्याच्या डब्यात टाकलं, खुर्ची ओढून अगदी माझ्यासमोर बसली, डोळे पुसले आणि म्हणाली, "वन्स मोअर."

"कंबर ठणकतेय गं."

"वन्स मोअर. या वेळी मी श्वास ऐकणार आहे."

वन्स मोअर मिळाल्यावर नाही म्हणायची आमच्यात पद्धत नाही. मी उभी राहिले, श्वास सोडला आणि पडले. उठून बसले, स्वेटर सारखा केला. आणि माझी मुलगी जन्मात पहिल्यांदा मला पडताना बघून हसली.