बोहुमिलची चतुर्थी

माझ्या नवऱ्याचं नाव बोहुमिल. हे मी माहेरी पहिल्यांदा सांगितलं तेव्हा आत्या म्हणाली, "बहुमोल?" मग म्हणाली, "बोमिल?" आणि शेवटी बशीतला चहा संपवून, "बोंबील?" त्यावर मात्र ती थांबली, कारण तिचं घर शाकाहारी.

झेक लोकांना इंग्लंडमध्ये नोकरी करायची मोकळीक नुकतीच मिळाली होती, तेव्हाची गोष्ट. रीडिंगच्या आमच्या ऑफिसात तो माझ्या शेजारच्या डेस्कवर आला आणि पहिल्याच आठवड्यात मॅनेजरने त्याचा 'बॉब' करून टाकला. अर्ध्या जगावर राज्य केलेल्या लोकांना चार अक्षरं सलग म्हणायला दम लागतो.

नावाची हकीकत त्यानेच मला सांगितली. बोह म्हणजे देव, मिल म्हणजे प्रिय. ख्रिस्ती धर्म तिकडे पोचला तेव्हा एका ग्रीक नावाचा हा तर्जुमा झाला म्हणे. त्यांच्या कॅलेंडरात रोज एकेका नावाचा सण असतो. ऑक्टोबरच्या सुरुवातीला देशभरातले बोहुमिल फुलं स्वीकारत, प्लमची दारू पीत बसतात, आणि त्यातले बहुतेक म्हातारे असतात. आपल्याकडे एखाद्या सॉफ्टवेअरवाल्या पोराचं नाव दामोदर निघावं, तसाच प्रकार. पण ते त्याच्या आजोबांचं नाव होतं आणि त्याला आजोबांनीच वाढवलं होतं. ऑफिसात कुणी 'बॉब' म्हटलं की तो हसायचा. ते हसणं मला बघवत नसे.

बाबा लेस्टरच्या एका हॉस्पिटलात डॉक्टर, आणि संस्कृत म्हणजे त्यांचा जीव की प्राण. मला वाटलं, अर्थ सांगितला की विरघळतील.

"बाबा, त्याच्या आजोबांचं नाव आहे ते, आणि देवाला प्रिय असा अर्थ आहे."

पेपर खाली न घेताच ते म्हणाले, "संस्कृतात देवानांप्रिय म्हणजे मूर्ख."

लग्नाला त्यांनी होकार दिला, पण नाव काही घेतलं नाही. 'ते गृहस्थ', 'तुझे ते', आणि फोनवर तर 'अदर पार्टी'. पूर्वी बायका नवऱ्याचं नाव घेत नसत, आमच्याकडे सासरा जावयाचं घेईना. मला दागिने नको होते, हॉल नको होता. बाबांनी त्याला एकदा त्याच्या नावाने हाक मारावी, एवढंच हवं होतं.

तोडगा आत्याने काढला. बारशाला नाव आत्याच ठेवते, आणि आमची आत्या एरवीही सगळ्यांना नावं ठेवतेच. ती म्हणाली, "अगं, लग्नात मुलीचं नाव बदलतात की नाही? मग या वेळी मुलाचं बदलू. भूषण! कसं भरदार वाटतं." भूषणरावांवर तिने उखाणासुद्धा जुळवून ठेवला. इंग्रजांनी त्याचा बॉब केला म्हणून मी चिडत होते, आणि माझी माणसं भूषणची तयारी करत होती.

लग्न लेस्टरला झालं. भटजी सोमवार ते शुक्रवार एका बँकेचे कॉम्प्युटर सांभाळणारे. कन्यादानाच्या वेळी त्यांनी गोत्र विचारलं. माहीत नसलं तर काश्यप लावतात, त्यामुळे प्रागजवळच्या खेड्यातला माणूस चुटकीसरशी काश्यपगोत्री झाला. तिथे कुणाचं काही अडलं नाही.

"वराचं नाव?" भटजींनी विचारलं.

"भूषण!" मागून आत्या.

बाबांच्या ओंजळीतलं पाणी माझ्या हातावर थेंब थेंब गळत होतं, आणि मला रडू यायला लागलं. निरोपाचं नव्हे, संतापाचं.

"अरे दादा, सांग ना, भूषण," आत्या पुन्हा म्हणाली.

"तू थांब जरा," बाबा म्हणाले. "मी इथे आल्यापासून वॉर्डात सगळे मला डॉक्टर के म्हणतात. आपल्या आईने ठेवलेलं नाव इथे एकालाही माहीत नाही. आता मी दुसऱ्याच्या नातवाचं नाव पुसू?" मग भटजींकडे वळून, परीक्षा घेतल्यासारखे, "अकारान्त पुल्लिंगी आहे. चतुर्थी लावा. रामाय, तसं बोहुमिलाय. म्हणा."

"बोहुमिलाय वराय," भटजी मुकाट्याने म्हणाले.

नवरा दचकला. माझ्या कानाशी लागून त्याने विचारलं, तुमच्याकडेही नाव असं चालवतात? त्यांच्याकडे सात विभक्त्या आहेत, हे मला लग्नाच्या बोहल्यावर कळलं. बाबांना ते पंगतीत कळलं, आणि मग काय, पानावरची जिलबी तशीच ठेवून त्यांनी सातही विभक्त्या वदवून घेतल्या. आत्याचा उखाणा राहूनच गेला. संबोधन आलं तेव्हा बाबांनी ते दोनदा पुटपुटून पाहिलं. मग श्रीखंडाचं भांडं स्वतः हातात घेतलं आणि हॉलभर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "बोहुमिले, श्रीखंड घ्या."

नवरा भरल्या पानावरून ताडकन उठून उभा राहिला. आजोबांनी हाक मारली की तो असाच उठायचा.