विंगेतला राजा

नाटक मंडळीच्या मालकानं मंडळीतल्या नकलाकाराला फसवलं. आवाज त्याचा आणि नाव मालकाच्या पोराचं. पोरगं राजा होऊन नुसते ओठ हलवायचं. हा विंगेत लवंग चघळत गरजायचा. माझ्या भांड्यांच्या दुकानात तो सरपंचाच्या आवाजात घासाघीस करी, आणि मी, कुणाला न बधणारा, भाव उतरवी.

कोल्हारच्या जत्रेत गावकऱ्यांनी पोराला फेटा बांधायला घेतला. “राजं, आदी दोन शबुद बोला की.”

ओठ हलले, आवाज आलाच नाही. मालक विंगेकडे बघून दातओठ खात होता. तेवढ्यात हा गंजीफ्रॉकवरच बाहेर आला आणि राजाच्या आवाजात म्हणाला, “पाव्हणं, फेटा हिकडं बांदा.”

लोकांनी बांधला. दुसऱ्या दिवशी मालकानं त्याला मंडळीतून काढलं. राजा कोण, हे अख्ख्या गावानं ऐकलंय. मग त्याचा गुन्हा काय, हे मालकानं चावडीवर येऊन सांगावं.