बिनखुणेचं पान

मी चपात्या लाटायला घेतल्या की मगदूम अक्का स्वयंपाकघराच्या दारात खुर्ची ओढून बसायच्या आणि हातातली पानं मोठ्यानं वाचायला लागायच्या. वाचताना अर्धं लक्ष पानावर, अर्धं माझ्या हातांवर. ऐकता ऐकता माझं लाटणं थांबलं, की त्या तिथंच समासात पेन्सिलीनं खूण करायच्या आणि विचारायच्या, "कुठं अडलं?" कधी मला सांगता यायचं, कधी नाही. सांगता आलं नाही तर म्हणायच्या, "राहू दे. अडलं एवढं कळलं, मला पुरे."

अक्का सांगलीच्या एका कॉलेजात शिकवायच्या. लग्न केलं नव्हतं. विश्रामबागेत चार खोल्यांचं घर, त्यात एकट्या राहायच्या. जैनाचं घर, त्यामुळं दिवस मावळायच्या आत जेवण. मी चारला स्वयंपाकाला जायची, सहाच्या आत ताट वाढून निघायची. मधल्या दोन तासांत आमचं हे वाचन. तेव्हा पोस्टानं शिकवणारं एक विद्यापीठ नवीनच निघालं होतं. दहावी-बारावी झालेली नसली तरी लिहिता-वाचता येणाऱ्या माणसाला एक पूर्वतयारीची परीक्षा देऊन पुढं बी.ए.ला बसता यायचं. पुस्तकं घरपोच यायची. त्यातले काही धडे लिहायचं काम अक्कांकडं होतं.

माझं शिक्षण चौथी. रहिमतपूरजवळच्या आमच्या गावात शाळा चौथीपर्यंतच होती. पाचवीला चालत रहिमतपूरला जावं लागायचं. भाऊ गेला, मी राहिले. लग्न होऊन सांगलीला आले. मालक हळदीच्या पेठेत हमाली करायचे. अक्कांना माझी चौथी फार पसंत होती. पहिल्या दिवशी स्वयंपाकाचं विचारायच्या आधी त्यांनी शिक्षण विचारलं आणि चौथी म्हटल्यावर "छान" म्हणाल्या. चौथीला छान म्हणणारं माणूस मी तोवर पाहिलं नव्हतं. का छान, ते पुढं कळलं.

त्यांचं म्हणणं असं, की वर्गात एखाद्या पोरीला कळलं नाही तर तिचं तोंड दिसतं, मग आपण पुन्हा सांगतो. पोस्टानं गेलेल्या पुस्तकाला तोंड दिसत नाही. म्हणून पुस्तक पेटीत पडायच्या आधी कुणाचं तरी तोंड बघून घ्यायला पाहिजे. "समजलं नाही तर चूक वाचणारीची नाही, लिहिणारीची," हे त्या दिवसातून एकदा तरी म्हणायच्याच.

एकदा त्यांनी वाचलं, की समजा एका गावात दर कुटुंबात सरासरी साडेचार माणसं आहेत. माझा हात थांबला. मी म्हटलं, "अक्का, त्या अर्ध्या माणसाचं ताट कसं वाढायचं?" अक्का इतक्या हसल्या, की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. मग त्यांनी माणसं काढून भाकरी घातल्या. सोमवारी चार भाकरी लागल्या, मंगळवारी पाच, म्हणजे दिवसाला सरासरी साडेचार. अर्धी भाकरी कुणालाही कळते.

पुस्तकाच्या बैठकीला त्या पुण्या-मुंबईला जायच्या आणि परत आल्या की तिथलं भांडण मला सांगायच्या. एक मोठे प्राध्यापक म्हणाले होते, इतकं सोपं केलं तर पदवीचा दर्जा काय राहिला. अक्कांनी त्यांना विचारलं, "दर्जा म्हणजे दाराला लावायचं कुलूप आहे का? परीक्षा ठेवा की कडक. मी नको म्हणते का? पुस्तक कशाला कडक?" हे सांगताना त्यांचा आवाज असा चढायचा, की ते प्राध्यापक जणू माझ्या कणकेच्या परातीपाशी बसले आहेत.

हे सगळं वाचून कुणाला वाटेल मी त्यांच्यावर जीव टाकत होते. टाकत होतेच. पण खरं लिहायचं तर मला त्यांचा हेवाही वाटायचा. खिडकीपाशी त्यांचं टेबल होतं आणि त्यावर त्यांच्याशिवाय कुणाचीच वस्तू नव्हती. पोस्टमन दारात त्यांचं नाव मागं-पुढं पदव्या लावून वाचायचा. त्या लिहायला बसल्या की घर गप्प असायचं, कारण बोलायला दुसरं कुणी नव्हतंच. आमच्या एका खोलीत सासू, मालक, तीन पोरं आणि मी. मला साधा विचार करायचा तरी नळाच्या रांगेत उभं राहून करावा लागायचा.

तरी हा हेवा मुका होता. त्याला बोलतं केलं शोभानं.

शोभा म्हणजे समोरच्या बोळातली शिवणकाम करणारी. सातवी झालेली, माझ्यापेक्षा आठ-दहा वर्षांनी लहान, तोंडानं चटपटीत. एकदा अक्कांचे ब्लाउज द्यायला आली आणि टेबलावरचं पुस्तक उचलून म्हणाली, "आवं अक्का, ह्ये आमाला बी करता येतंय व्हय?" झालं. अक्कांनी दुसऱ्याच दिवशी तिचा फॉर्म आणला आणि स्वयंपाकघरातल्या ओट्यावर ठेवून स्वतःच्या हातानं भरला. मी शेजारी तांदूळ निवडत होते. मला म्हणाल्या, "मालन, शोभाला चहा टाक."

मी टाकला. साखर जरा कमीच टाकली.

मला वाटलं होतं, आज ना उद्या अक्का मलाही विचारतील. मी आपण होऊन विचारणारी नव्हे. बाजारात भाजीचा भावसुद्धा दुसऱ्या कुणी विचारायची मी वाट बघते. चार वर्षं मी त्यांचं प्रत्येक पान ऐकलं होतं, ते पुस्तक छापायच्या आधी माझ्या हाताखालून गेलं होतं, आणि त्याचा फॉर्म शोभाला. अक्कांनी मला विचारलं नाही.

दर रविवारी अक्का कॉलेजात पोस्टानं शिकणाऱ्यांचा वर्ग घ्यायच्या. तिथं सही करून निघून जायची बऱ्याच जणांची रीत. घरी लिहून आणायचे स्वाध्यायही एकाचं बघून दुसऱ्यानं उतरवलेले. अक्कांनी एकदा एकाच चुकीचे पाच कागद पाचही जणांना परत केले. म्हणाल्या, "चुका, पण आपापल्या चुका." शोभानं मात्र स्वतःच्या मनानं अर्धं पान लिहिलं होतं. ते अर्धं पान घेऊन अक्का माझ्याकडं आल्या, खुर्ची ओढली आणि मोठ्यानं वाचलं. माझ्या वेळेत, माझ्या दारात. वाचून म्हणाल्या, "बघ, कसं आतून लिहिलंय पोरीनं."

दुसऱ्या दिवशी त्यांनी लोकसंख्येवरचा नवा धडा वाचायला घेतला. त्यात घनतेचं एक पान होतं. दर चौरस किलोमीटर, क्षेत्रफळ, भागाकार, असं काय काय. मला पहिल्या ओळीपासून काही कळलं नाही. माझा हात थांबायला आला, आणि मी तो थांबू दिला नाही. लाटत राहिले. एक चपाती कागदासारखी पातळ झाली. अक्कांनी पान संपवलं, माझ्याकडं पाहिलं, समाधानानं मान हलवली आणि पुढचं पान घेतलं. तिथंही मी थांबले नाही. त्या आठवड्यात आख्खा धडा मी असाच जाऊ दिला. मनात म्हटलं, शोभाला विचारा की आता.

धडा गेला, छापला गेला, पुस्तकं वाटली गेली. वर्ष उलटलं.

मग एक पत्र आलं. कोयनानगरहून एका बाईनं विद्यापीठाला लिहिलेलं, ते फिरत फिरत अक्कांकडं आलं. अक्कांनी ते मला वाचून दाखवलं. तिचा नवरा धरणावर कामाला होता. तिनं लिहिलं होतं, की बाकी पुस्तक मला घरातल्या माणसानं सांगावं तसं कळलं, पण घनतेचं पान कितीदा वाचलं तरी कळत नाही. इथं विचारायला कुणी नाही. माझं डोकंच कमी असेल. हे पान मी सोडून दिलं तर चालेल का?

अक्का आत गेल्या आणि आपली हातानं लिहिलेली जुनी पानं घेऊन आल्या. ते पान काढून ओट्यावर ठेवलं. बाकीच्या धड्यांच्या समासात खुणाच खुणा, आणि या पानासकट हा आख्खा धडा कोरा.

"मालन, तुला हे कळलं होतं?"

"न्हाई."

"मग हात कसा थांबला नाही?"

"थांबला हुता. म्या थांबू दिला न्हाई."

 का, असं अक्कांनी विचारलंसुद्धा नाही, पण माझ्या तोंडून निघून गेलं. "शोभाचा फॉर्म भरला तुमी. मला इचारलं बी न्हाई."  वाटलं, आता काम गेलं.

अक्का म्हणाल्या, "तुझ्याबद्दल नंतर बोलू. आधी हे पान." त्या तशाच होत्या. घराला आग लागली असती तरी आधी धडा पुरा केला असता. त्यांनी मला घनता सांगायला घेतली. एकदा सांगितली, दुसऱ्यांदा सांगितली, ओट्यावर पीठ पसरून त्यात चौकोन काढून सांगितली. तिसऱ्या वेळी मला उमगलं. मी म्हटलं, "म्हंजे ह्या घरात चार खोल्या आन तुमी एकल्या. आमची येक खोली आन आमी सा जण. त्येच न्हवं?"

 अक्कांनी पेन्सिल घेऊन तेच जसंच्या तसं लिहून काढलं. चार खोल्यांत एक माणूस, एका खोलीत सहा. कोयनानगरच्या बाईला त्याच दिवशी पत्र गेलं. डोकं तुमचं कमी नाही, पान माझं वाईट होतं, असं त्यात लिहिलं. पुढच्या छपाईत आमची दोन्ही घरं पुस्तकात गेली.

फॉर्मचं अक्का नंतर बोलल्या. ताटावर बसल्या होत्या, घास हातात होता. म्हणाल्या, "तू शिकलीस की तुला सगळं कळायला लागणार. मग कुठं अडतं ते मला कोण सांगणार? शिकलेल्या माणसाला आपलं अडलेलं आठवत नाही. म्हणून नाही विचारलं." आणि घास खाली ठेवून, "हे काही बरं केलं नाही मी."

आठवड्याभरात माझा फॉर्म आला. महिनाअखेरपर्यंत भरायचा होता. मी स्टुडिओत जाऊन फोटो काढला, लग्नातली साडी नेसून. तीन प्रती घेतल्या. घरी मालकांना सांगितलं, ते नाही म्हणाले नाहीत. सासू एवढंच म्हणाली, "आता म्हातारपणी कुठली कलेक्टर हुतीस?" तेही मी हसण्यावारी नेलं.

आणि एक दिवस अक्का सहज बोलून गेल्या, की तू अभ्यासाला लागलीस की ऐकायला दुसरी कुणी बघावी लागेल, कोपऱ्यावरच्या भाजीवालीच्या सुनेला विचारते, तिची तिसरी झालीय.

मी त्या बाईला ओळखत होते. बिचारी साधी होती, तिनं माझं काही वाईट केलं नव्हतं. पण ती या ओट्यापाशी उभी आहे आणि अक्का खुर्ची ओढून तिला "कुठं अडलं?" विचारताहेत, हे मला डोळ्यांपुढं दिसलं, आणि शोभाचा फॉर्म भरताना लागलं होतं त्याहून जास्त मनाला लागलं. फॉर्म ओट्यावरच्या फळीवर होता. मी रोज बघायची. फोटो पिशवीत होते. महिना संपला. मी फॉर्मला हात लावला नाही.

अक्कांनी विचारलं नाही. पुढच्या महिन्यात त्याच फॉर्मच्या कोऱ्या बाजूवर त्यांनी नव्या धड्याची रूपरेषा लिहिली. कागद वाया घालवणं त्यांना आवडायचं नाही. मग खुर्ची दारात आली आणि वाचन सुरू झालं. भाजीवालीच्या सुनेचं नाव पुन्हा निघालं नाही.

शोभा बी.ए. झाली. पेढे घेऊन आली, अक्कांच्या पाया पडली, माझ्याही पडली. मला तिचा राग करायचा होता, पण पेढा तोंडात असताना धड तोही करता येईना.

रिटायर झाल्यावर वर्षभरातच अक्कांना दुखणं लागलं. मिरजेच्या दवाखान्यात होत्या, तिथून परत आल्या नाहीत. भाचे-पुतणे येऊन-जाऊन असायचे. दुपारी मी बसायची. एका दुपारी खाटेवर त्या जाग्या होत्या, आवाज बारीक झाला होता. मी पाय चेपत होते. त्यांनीच विषय काढला. म्हणाल्या, "तो फॉर्म तू का भरला नाहीस?"

इतक्या वर्षांनी खोटं कशाला बोलायचं. मी सांगितलं, "तुमच्या दारात दुसरी कुनी आलेली मला बघवली नसती."

 अक्का म्हणाल्या, "मला ते दिसत होतं. महिनाभर फॉर्म तसाच पडून होता, मला का दिसणार नाही? मी एकदा जरी 'भर' म्हणाले असते ना मालन, तर तू भरला असतास. म्हणून म्हणाले नाही."

माझे हात त्यांच्या पायांवर होते. मी ते काढून घेतले नाहीत.

"व्हय अक्का," मी म्हटलं, "भरला असता."