आज काय वाजलं?

सायबर सुरक्षेवर लिहिता लिहिता माणूस शंकेखोर होतो. मी तर दारात आलेल्या कुरियरवाल्यालाही उलटतपासणी केल्याशिवाय सोडत नाही. आधुनिक युद्धावरच्या माझ्या पुस्तकात शत्रू आधी गोड बोलतो, असं एक प्रकरणच आहे. ते लिहून झालं आणि मी पुण्याहून राहुरीकडच्या आमच्या वस्तीवर गेले. माझे वडील, आप्पा, ओट्यावर बसून फोनवर कुणाला तरी सांगत होते, "आज सकाळधरनं मोठ्या तोफा चालू हायेत. कालच्यापरीस लई जवळ."

वस्तीमागच्या माळापलीकडे लष्कराचं सरावाचं मैदान आहे. तोफ उडाली की पत्रे थरथरतात, म्हैस मात्र रवंथ थांबवत नाही. आप्पांची सगळी नोकरी रणगाड्यांच्या पलटणीत गेली. नुसत्या आवाजावरून ते तोफ ओळखतात. आई गेल्यापासून हे कौतुकानं ऐकायला घरात कुणी उरलं नव्हतं.

"कोण होता?" मी विचारलं.

"आमच्या पलटनीतला हाय. माझ्या मागनं भरती झाला म्हनं. रोज पाचला फोन करतो."

"तुम्ही त्याला कधी पाहिलंय?"

"रोज बोलतोय की. बघायचं काय त्यात?"

माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकली. दुसऱ्या दिवशी पाचला मी फोन स्पीकरवर ठेवायला लावला. गड्यानं आधी गुडघ्याची चौकशी केली, मग म्हशीची, आणि शेवटी हळूच, "आज काय वाजलं?" आप्पांनी जुन्या सुभेदाराची आठवण काढली, तशी नेमकी त्याची रेंज गेली. मला संताप आला. त्याहून जास्त झोंबलं ते हे, की आप्पांचा डावा गुडघा दुखतो हे त्याला माहीत होतं आणि मला नव्हतं.

मी तो नंबर ब्लॉक केला, पोलीस ठाण्यात कळवला. तो कोण होता, हे आजवर कळलेलं नाही. मग आप्पांना बसवून सांगितलं, की मैदानातलं अवाक्षर फोनवर काढायचं नाही, आणि माझ्या आवाजात कुणी बोललं तरी आधी परवलीचा शब्द विचारायचा. पहाऱ्यावरच्या शिपायाला हे काय नवं? त्यांनीच शब्द ठरवला, शेंगोळे. आई थंडीत करायची ते.

आता रोज पाचला मीच फोन करते.

"थांब. कोन हाय?"

"शेंगोळे."

"हां, बोल."

गुडघ्याचं होतं, म्हशीचं होतं. परवा बोलता बोलता फोनमधून धडाम ऐकू आलं, पत्रे वाजले. मला एकदम लहानपणासारखं वाटलं.

"आप्पा, आज काय वाजलं?"



"ते फोनवर सांगायचं न्हाई," आप्पा म्हणाले. "तूच सांगितलंय."