जिताड्याला उकळी येऊ न देणे

मासा उकळी न येऊ देताही शिजवता येतो, हे माझ्या सासरी जाऊन सांगण्याची मला काहीही गरज नव्हती.

माझं सासर कळव्याचं. टॉवरांच्या मधोमध जुनं गावठाण अजून टिकून आहे, तिथलं. सासरे, म्हणजे आबा, तरुणपणी मिठागरात राबलेले. सत्तरी उलटली तरी झाकलेल्या पातेल्यात कुठला मासा आहे ते ओट्यापासून दहा हातांवर बसून सांगायचे. मी डोंबिवलीचा, एका औषधाच्या कारखान्यात क्वालिटी कंट्रोलला. म्हणजे दिवसभर कशाचं तरी तापमान नाहीतर वजन मोजायचं, ते लिहायचं आणि खाली सही ठोकायची. मोजल्याशिवाय मला चैन पडत नाही. घरी कुकरच्या शिट्याही मी बोटांवर मोजतो, आणि वर्षाने, म्हणजे माझ्या बायकोने, मधेच हाक मारली तर पुन्हा एकपासून सुरुवात करतो. (त्यामुळे आमच्याकडची डाळ फार मऊ असते.)

गेल्या वर्षी आबांना टायफॉइड झाला. ताप उतरला, पण तोंडाची चव गेली ती गेलीच. तीन आठवडे दिवसाला चार चमचे पेज, तीही सासूबाईंनी डोळ्यांत पाणी आणल्यावर! हातांच्या काड्या झाल्या. डॉक्टर म्हणाले, "सोमवारी वजन करू. अजून उतरलं असेल तर ॲडमिट करावं लागेल, आणि नाकातून नळी घालून खायला द्यावं लागेल." त्या संध्याकाळी वर्षा घरी आली आणि पर्सही न उतरवता खुर्चीत बसून राहिली. "मला ते नाही बघवणार हो," एवढंच म्हणाली. आबा मलाही मनापासून आवडतात. लग्नात मुलाच्या नोकरीची चौकशी न करता 'मासे खातोस ना?' एवढंच विचारून होकार देणारा माणूस आहे तो.

डॉक्टरांनी तेल, खोबरं, तिखट बंद केलेलं, पण मऊ शिजवलेला मासा चालेल म्हणालेले. सासूबाईंनी तो हळद-मीठ घालून उकडून दिलाही. आबांनी एक घास घेतला आणि भिंतीकडे तोंड करून झोपले. तेव्हा मी ठरवलं की आता हे काम आपण हातात घ्यायचं. मी मोबाइलवर एक व्हिडिओ पाहिला होता. त्यातला टोपीवाला आचारी सांगत होता की माशाचे बिनकाट्याचे तुकडे, म्हणजे फिले, पाण्यात आलं-लिंबू घालून बरोबर पंच्याहत्तर अंशांवर ठेवायचे. उकळी आली की संपलं! याला पोच करणं म्हणतात. पंच्याहत्तर अंश! कृतीत आकडा दिसताच मला ती आपल्या घरची वाटायला लागली.

रविवारी सकाळी कळव्याच्या बाजारात मी अख्खा जिताडा घेतला. खाडीकाठच्या माणसांत या माशाला केवढा मान आहे हे मला माहीत होतं, म्हणूनच घेतला.

"कालवनाचे करू का तलायचे?" मासेवालीने कोयता उचलत विचारलं.

"दोन्ही नाही. काटा काढा, कातडं काढा, मुंडी नको."

तिने कोयता खाली ठेवला. "मंग मासा कशाला घेतला दादा? कापूस घ्यायचा."

"पेशंटसाठी आहे हो मावशी."

"मेला नाय ना अजून?" असं म्हणत तिने जिताडा सोलला. मला चार पांढरे तुकडे दिले आणि मुंडी-काटा दुसऱ्या पिशवीत भरून माझ्या हातात कोंबला. "ह्ये टाकलंस तं माझ्या पाटीवर परत यायचं नाय!"

सासरी मी ॲप्रन बांधला. सासूबाई दारात उभ्या राहून बघत होत्या. जावयाला स्वयंपाकघरातून बाहेर काढायचं कसं, हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं.

"जावयबापू, म्हंजे नक्की काय करनार?"

"पाणी गरम करायचं, पण उकळू द्यायचं नाही. मासा त्यात दहा मिनिटं ठेवायचा."

"म्हंजे आजारी मानसाला आंघोल घालतात तसं?"

"साधारण तसंच."

"आनि मसाला?"

"मसाला नाही."

त्यांनी डोक्यावरचा पदर पुढे ओढला आणि आबांजवळ जाऊन बसल्या. मुंडी-काट्याची दुसरी पिशवी त्यांनी केव्हा फ्रीजमध्ये ठेवली ते मला कळलंसुद्धा नाही.

आता प्रश्न आला पंच्याहत्तर अंशांचा. कारखान्यात माझ्याकडे सात प्रकारचे थर्मामीटर आहेत. सासरी एकच होता, आबांचा ताप बघायचा, डिजिटल. शिजायच्या पाण्यात तो चालत नाही हे मला माहीत नव्हतं असं नाही. मी स्वतः कारखान्यात पोरांना शिकवतो की उपकरण ज्यासाठी आहे त्यासाठीच वापरा! पण मासा महागाचा, पाणी तापत चाललेलं, आणि आकड्याशिवाय माझा जीव खाली-वर होत होता. म्हटलं, क्षणभर टोक बुडवून बघू. बुडवलं. थर्मामीटरने एक लांब शिट्टी घातली, पडद्यावर काहीतरी लुकलुकलं आणि तो गप्प झाला. मी तो साबणाने धुतला, पुसला, गुपचूप डबीत ठेवला. पाण्याचा अंदाज घेऊन तुकडे कढईत सोडले. आणि कसं म्हणून सांगू, आतला मासा दुधासारखा पांढराशुभ्र व्हायला लागला! मी मनातल्या मनात खाली सही ठोकली.

अकरा वाजता सासूबाईंनी नेमाप्रमाणे आबांचा ताप घेतला. त्यांना आकडे नीट दिसत नाहीत, म्हणून थर्मामीटर वर्षापुढे धरला.

"अहो!" वर्षा आतून ओरडली. "एकशे चार पॉइंट सहा!"

"पुन्हा घे," मी झारा हातात धरून गंभीरपणे म्हणालो. (कारखान्यात पहिलं माप कधीच धरत नाहीत.)

पुन्हा घेतला. एकशे पाच!

सासूबाईंनी आबांच्या कपाळावर हात ठेवला. "अंग तं गार लागतंय गो."

"आई, मशीन खोटं बोलतं का?" वर्षाचा आवाज फाटला. "आतून असेल ताप! डॉक्टर म्हणालेले ना, उलटू शकतो म्हणून!"

तेव्हा कुठे माझ्या लक्षात आलं. मी धावत गेलो, थर्मामीटर उचलला आणि कोपऱ्यात जाऊन स्वतःच्या काखेत धरला. एकशे चार पॉइंट नऊ! एक तर तो बिघडला होता, नाहीतर मीही चाललो होतो.

खरं त्याच क्षणी सांगायला हवं होतं. मी "वर्षा, ऐक ना," म्हटलंही. पण ती एका हाताने डॉक्टरांना फोन लावत होती आणि दुसऱ्याने डोळे पुसत होती. "तुम्ही मधे बोलू नका हो!" म्हणाली, आणि मी बोललो नाही. एवढा आज्ञाधारक मी लग्नानंतर त्या दिवशी पहिल्यांदाच झालो.

शेजारच्या गोदूआत्या खिडकीतून डोकावल्या. आबांची ही चुलत बहीण. "किती?" त्यांनी विचारलं.

"एकशे पाच!"

गोदूआत्यांनी तोंडावर हात ठेवला आणि गेल्या. पाच मिनिटांत गल्लीत एकशे सात झालं. माणसं यायला लागली. चपला उंबऱ्याबाहेर काढून, हात जोडून, पलंगाभोवती उभी राहायला लागली. गोदूआत्या आबांचे पाय चोळत म्हणाल्या, "दादा, मना वलखलंस ना?"

आबा इतका वेळ सगळं बघत होते. त्यांनी एकेक चेहरा निरखला. मग शांतपणे सासूबाईंना हाक मारली. "काय गो, येल आलेली दिसतंय."

"असं नका ना बोलू!"

"बोलू दे. मना येकच पायजे. जिताऱ्याचं कालवन खाऊन जावाचं हाय मना. मुंडीचं. चिच घालून."

सासूबाईंनी मोठ्याने हंबरडा फोडला आणि तडक स्वयंपाकघरात आल्या. माझी कढई त्यांनी मागच्या शेगडीवर सरकवली, तीही खालचा गॅस मोठा करून. फ्रीजमधून पिशवी निघाली. लसूण ठेचला, चिंच भिजली, मसाल्याचा डबा तीन आठवड्यांनी उघडला. मी मागे उभा राहून म्हणत होतो, "आई, थांबा, मला काहीतरी सांगायचंय."

"काय पन सांगू नका जावयबापू, त्येंची शेवटची इच्छा हाय!"

आणि तिकडे मागच्या शेगडीवर माझ्या कढईत खदाखदा उकळी फुटली. तिच्याकडे बघायला मला धीर झाला नाही.

डॉक्टर आले तेव्हा कालवणाचा वास गल्लीच्या तोंडापर्यंत गेला होता. त्यांनी स्वतःचा थर्मामीटर लावला. अठ्ठ्याण्णव पॉइंट दोन. नाडी बघितली, पोट दाबून बघितलं. "ताप नाहीये. कोणी सांगितलं ताप आहे म्हणून?"

वर्षाने आमचा थर्मामीटर दाखवला. डॉक्टरांनी तो उलटासुलटा केला. "हा काय गरम पाण्यात पडला होता का?"

खोलीत पंधरा-वीस माणसं होती. मी ॲप्रन बांधून, हातात झारा घेऊन उभा होतो. आता आणखी कोणाचं नाव सांगणार? मी सगळं सांगून टाकलं. पंच्याहत्तर अंशही सांगितले. वर्षाने माझ्याकडे असं पाहिलं की मला खरोखरच ताप चढल्यासारखं वाटलं. गोदूआत्यांनी आबांचे पाय चोळणं थांबवलं.

"म्हंजे मी मरत नाय?" आबांनी विचारलं.

"इतक्यात तरी नाही," डॉक्टर म्हणाले.

आबांचा चेहरा पडला. खरंच पडला, मी पाहिला. ते उशीवरून अर्धे उठले. "मंग कालवन मिलनार नाय का?"

डॉक्टरांनी आधी आबांकडे पाहिलं, मग त्यांच्या मनगटांकडे. तीन आठवड्यांत या माणसाने पहिल्यांदा स्वतःहून काहीतरी मागितलं होतं, आणि ते त्यांना कळलं असावं. "तिखट किती आहे?"

"येकच चमचा टाकलाय," सासूबाई दारातून म्हणाल्या. "तेल नावाला."

"द्या. आधी थोडं द्या. सोसलं तर अजून द्या."

आबा पलंगावर मांडी घालून बसले. कोणीही हात न देता. ताटात मऊ भात, त्यावर लाल कालवण आणि मधोमध मुंडी. त्यांनी भात कालवला, पहिला घास घेतला आणि डोळे मिटले. आम्ही वीस माणसं श्वास रोखून बघत होतो. मग दुसरा घास. मग मुंडी फोडून गालाचं मांस काढून खाल्लं, बोट चाटलं आणि ताट पुढे केलं. "भात वाढ गो." वर्षा दाराआड गेली. मी तिच्या मागोमाग गेलो, तर ती रडत होती आणि हसतही होती. मला म्हणाली, "मी तुम्हाला कधीच माफ करणार नाही," आणि माझा हात घट्ट धरून ठेवला. मलाही रडू आलं, ते मी कांद्यावर ढकललं. (कालवणात कांदा नव्हता.)

डॉक्टर गेले, गल्ली पांगली. एवढ्यात आबांचं लक्ष माझ्या ओट्यावरच्या ताटलीकडे गेलं. तासभर उकळलेले ते चार तुकडे मी काढून ठेवले होते. आकसून निम्मे झालेले, एकाच्या कडेला आल्याचा काप चिकटलेला.

"त्ये पांढरं कोन खानार?" आबांनी विचारलं.

सगळे माझ्याकडे बघत होते. शेवटी मीच पाट ओढला, लिंबू पिळलं आणि बसलो. पहिला घास घेऊन "छान हलकं आहे," म्हणालो. दुसरा घास बराच वेळ चावला. तिसऱ्याला ताट पुढे केलं आणि मान खाली घालून म्हटलं, "आई, यावर थोडं कालवण घालता का?"