आधी आजींची पाठ

सोराचा जबडा डावीकडे वाकडा आहे, असं कोरियातल्या अख्ख्या बुसान शहरात एकाच माणसाला वाटायचं. खुद्द सोराला! अहो, मी गल्लीतल्या या सार्वजनिक न्हाणीघरात बायकांची अंगं चोळून देते. ही पोर रांगत होती तेव्हापासून तिला चोळलीय, वाकडं असतं तर मला दिसलं नसतं? पण "छान आहेस गं" म्हटलं की ती आणखी तासभर आरशापुढे. कॉलेज सुटलं, नोकरी सुटली, घरातसुद्धा तोंडावर मास्क. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, दुखणं चेहऱ्यात नाही, बघण्यात आहे. औषधं घे आणि हळूहळू उघड्या तोंडाने चारचौघांत जा.

आणि आमच्या सोराबाई इथे आल्या कधी, तर नवीन वर्षाच्या आदल्या दिवशी! वर्षाचा मळ काढायला सगळी गल्ली लोटलेली, मला मान वर करायला फुरसत नाही. मास्क काढून ती कोपऱ्यात बसली. समोरचा आरसा वाफेने धुरकटलेला. तो पुसायला तिचा हात उठला आणि मी चोळायची थांबले. मागेही ती इथूनच रडत पळाली होती. आता पळाली असती तर पुन्हा घराबाहेर पडली नसती.

तेवढ्यात मासळीबाजारातल्या ओकबुन आजी तिच्याकडे पाठ करून बसल्या.

"ए पोरी, माझी चोळ, मग तुझी चोळते."

आमच्याकडे हे अनोळखी बाईलाही सांगतात आणि नाही म्हणायची रीत नाही. सोराने निमूट हात चालवला.

"जोर लाव की! मासा कुरवाळतेस काय?"

सोराने जोर लावला. पण मधेच थांबून तिने आरसा पुसलाच. बघितलं आणि पांढरीफटक पडली.

"अगं, अर्धी पाठ मळकी घेऊन नवीन वर्षात जाऊ का मी?" आजी खेकसल्या.

सोराचा हात पुन्हा चालू लागला. नंतर आजींनी तिची पाठ अशी सोलून काढली की पोर किंचाळलीच.

बाहेर येऊन ती माझ्यासमोर न्हाणं झाल्यावर सगळ्या पितात ते केळ्याच्या स्वादाचं गार दूध प्यायली. तोंड उघडं, गाल लालबुंद. मला राहवेना.

"काय दिसलं गं आरशात?"

"जबडा वाकडाच दिसला, मावशी. त्याला म्हटलं, तू थांब जरा. आधी आजींची पाठ."

मला रडूच आलं.

आता दर रविवारी येते. परवा एक नवखी मुलगी टॉवेलात अंग चोरून कोपऱ्यात बसली होती. सोरा गेली आणि तिच्याकडे पाठ करून बसली.

"ए, माझी चोळ, मग तुझी चोळते."